ज्याची साक्ष कोणी घेतली नाही

सन 1536 मधली गोष्ट आहे. चार माणसे मेक्सिको शहरात येऊन पोहोचली. नऊ वर्षांपूर्वी, 1527 साली, स्पेनमधून पाच जहाजे आणि सुमारे सहाशे माणसे घेऊन एक मोहीम निघाली होती. तिचा प्रमुख होता पान्फिलो दे नार्वाएस. फ्लोरिडाचा प्रदेश जिंकायचा, सोने मिळवायचे, हा बेत. पण वादळ, उपासमार, आजार आणि आपल्याच लोकांच्या हेकेखोरपणामुळे ती मोहीम संपली. खायला काही उरले नाही तेव्हा त्यांनी स्वतःचे घोडे मारून खाल्ले. ओबडधोबड तराफे बांधून समुद्रात उतरले. बहुतेक सगळे मेले. उरलेले चार जण पुढची कित्येक वर्षे अमेरिकेच्या मूळ रहिवाशांमध्ये कधी गुलाम म्हणून, कधी वैद्य म्हणून जगले आणि हजारो मैल चालून परत आले.

स्पेनच्या राज्यकर्त्यांना साहजिकच सगळी हकीकत हवी होती. त्यांनी तिघांना बोलावून त्यांची जबानी घेतली. ते तिघे स्पॅनिश होते. त्यांच्यापैकी काबेसा दे वाका याने पुढे 1542 साली या प्रवासावर पुस्तकच प्रसिद्ध केले. ते आजही वाचले जाते.

चौथ्याला मात्र कोणी काही विचारले नाही. कारण तो गुलाम होता.

त्या पुस्तकाच्या अगदी शेवटी, चौघांची नावे सांगताना, या चौथ्याची ओळख येते ती एवढीच : नाव एस्तेबानिको, काळा अरब, राहणार अझमूर. अझमूर म्हणजे मोरोक्कोच्या किनाऱ्यावरचे एक गाव. त्याचे मूळ नाव काय होते, आईवडिलांनी अकीक्याच्या दिवशी त्याला काय म्हणून हाक मारली होती, हे कोणत्याही कागदावर नाही. 'एस्तेबानिको' हे मालकांनी दिलेले नाव. तेही धड नाही. एस्तेबानचे लाडके किंवा हिणवणारे रूप. आपल्याकडे इब्राहीमला 'इब्र्या' म्हणावे, तसे.

जवळजवळ पाचशे वर्षांनी मोरोक्कोतच जन्मलेल्या एका अमेरिकन लेखिकेने ही एवढीशी ओळख वाचली, आणि ज्याची साक्ष कोणी घेतली नाही त्याची साक्ष आपण लिहायची असे ठरवले. त्या लेखिकेचे नाव लैला लालामी.

तीन भाषांचे बालपण

लैला लालामी यांचा जन्म 1968 साली मोरोक्कोची राजधानी रबात येथे झाला. घर साधे, कष्टकरी. घरात बोलली जाई ती दारिजा, म्हणजे मोरोक्कोची बोली अरबी. शाळा मात्र फ्रेंच. मोरोक्को 1912 ते 1956 अशी चव्वेचाळीस वर्षे फ्रान्सच्या अंमलाखाली होता. अंमल गेला तरी भाषेचा रुबाब राहिला. चांगली शाळा म्हणजे फ्रेंच शाळा, चांगली नोकरी म्हणजे फ्रेंच बोलता येणाऱ्याची नोकरी.

लहानपणी वाचायला मिळालेली पुस्तके फ्रेंच. त्यांत टिनटिनची चित्रकथा होती, ज्यूल व्हर्न होता, अलेक्झांडर द्यूमा होता. पण त्या पुस्तकांत मोरोक्कोची गल्ली नव्हती, अजान नव्हती, आपल्यासारखे नाव असलेली मुलगी नव्हती. लिहायला लागल्या तेव्हा त्याही फ्रेंचमध्येच लिहायला लागल्या. पुढे त्यांनी रबातच्या मोहम्मद पंचम विद्यापीठातून इंग्रजीची पदवी घेतली. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमध्ये भाषाशास्त्राचे एम.ए. केले. काही काळ मोरोक्कोत पत्रकारिताही केली. 1992 साली त्या भाषाशास्त्रात डॉक्टरेट करण्यासाठी लॉस एंजलिसला गेल्या आणि तिथेच स्थायिक झाल्या. सन 2000 मध्ये त्यांनी अमेरिकेचे नागरिकत्व घेतले. आज त्या कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या रिव्हरसाइड येथील शाखेत सर्जनशील लेखन शिकवतात.

भाषेचा अभ्यास करता करता त्यांच्या लक्षात आले की, ज्या भाषेत आपण लिहितो ती आपल्यावर राज्य करणाऱ्यांची आहे. साहित्यनिर्मिती करता येईल इतकी अरबीवर पकड नव्हती, कारण शाळेने ती येऊ दिली नव्हती. तेव्हा त्यांनी तिसरी भाषा निवडली, इंग्रजी.

आपल्याला ही गोष्ट समजायला अवघड जाऊ नये. घरात दखनी, शाळेत उर्दू, बाजारात आणि कचेरीत मराठी, नोकरीसाठी इंग्रजी, असे आपल्यातले कितीतरी जण वाढलो. कोणत्या भाषेत आपण 'घरचे' आहोत आणि कोणत्या भाषेत 'पाहुणे', हा प्रश्न आपल्याही दारात उभा असतोच.

होडीतली माणसे

लालामी यांचे पहिले पुस्तक 2005 साली आले. नाव 'होप अँड अदर डेंजरस परस्यूट्स'. आशा आणि तसलेच काही धोकादायक नाद, असा त्याचा अर्थ सांगता येईल. मोरोक्को आणि स्पेन यांच्यामध्ये जिब्राल्टरची सामुद्रधुनी आहे. सर्वात अरुंद ठिकाणी ती जेमतेम 14 किलोमीटर रुंद आहे. स्वच्छ दिवशी पलीकडचा किनारा दिसतो. तेवढ्या पाण्यात कितीतरी तरुण बुडून मेले.

पुस्तकाची सुरुवात होते रात्रीच्या अंधारात, रबराच्या एका छोट्या होडीत. दलालाने तीत मावणार नाहीत इतकी माणसे कोंबलेली आहेत. त्यांत चौघे आहेत. शिकूनही बेकार असलेला मुराद. नवऱ्याच्या मारहाणीला कंटाळून तीन मुलांना घेऊन निघालेली हलीमा. बायकोला मागे ठेवून कमाईसाठी चाललेला अझीझ. आणि फातेन नावाची विद्यार्थिनी. मग लेखिका आपल्याला मागे नेते आणि हे लोक इथवर का आले ते सांगते. त्यानंतर पुढे नेते आणि प्रत्येकाचे काय झाले ते दाखवते.

वर्तमानपत्रात अशी बातमी दोन ओळींची असते. इतके बुडाले, इतके पकडले. लालामी त्या आकड्याला चेहरे देतात. अझीझ पाच वर्षांनी स्पेनहून घरी परततो, तेव्हा बायको तीच आहे, घर तेच आहे, तरी दोघांना एकमेकांशी काय बोलावे ते सुचत नाही. आखातात वर्षानुवर्षे राहिलेल्या माणसांच्या घरांत, आपल्या कोकणात, हे दृश्य नवे नाही. मला तर तो प्रसंग वाचताना आपल्याच एखाद्या मोहल्ल्यात गेल्यासारखे वाटले.

2009 साली आलेल्या 'सीक्रेट सन' या कादंबरीत कासाब्लांका शहराच्या झोपडपट्टीतला युसूफ आहे. आपला बाप मेला असे आईने सांगितले, तो जिवंत आहे आणि मोठा धनाढ्य आहे हे त्याला अचानक कळते. एका बाजूला श्रीमंतांची दारे, दुसऱ्या बाजूला बेकार पोरांच्या रागावर आपली पोळी भाजून घेणारी एक कट्टर संघटना. दोघेही त्याला वापरतात. इथे लालामी आपल्या लोकांनाही सोडत नाहीत. धर्माच्या नावाने तरुणांना कोण, कसे आणि कशासाठी वापरतो, हे त्या स्पष्ट दाखवतात. त्याचबरोबर तो तरुण तिथपर्यंत का पोहोचला, हेही विसरत नाहीत.

मुस्तफाचा सफरनामा

आता पुन्हा त्या चौथ्या माणसाकडे येऊ. 2014 साली प्रसिद्ध झालेली 'द मूर्स अकाउंट', म्हणजे एका मूराची हकीकत, ही लालामी यांची सर्वात गाजलेली कादंबरी. 2015 साली ती पुलित्झर पुरस्काराच्या अंतिम यादीत होती, बुकर पुरस्काराच्या पहिल्या यादीत होती आणि तिला अमेरिकन बुक अवॉर्ड मिळाले.

कादंबरीची सुरुवात जुन्या मुसलमान प्रवाशांच्या पद्धतीने होते : अल्लाहचे नाव, मग हम्द, मग प्रेषितांवर (स.) दरूद. आपल्याला इब्ने बतूता माहीत आहे. तोही मोरोक्कोचाच, तंजा शहराचा. चौदाव्या शतकात तो हिंदुस्थानात आला, आपल्या दौलताबादेसही येऊन गेला, आणि घरी परतल्यावर त्याने आपला सफरनामा लिहून घेतला. लालामी यांनी आपल्या नायकाला त्याच परंपरेत बसवले आहे. त्याला त्यांनी स्वतःचे नाव दिले, बापाचे नाव दिले, आजोबांचे आणि गावाचेही नाव दिले : मुस्तफा इब्न मुहम्मद इब्न अब्दुस्सलाम अझमूरी. गुलामाच्या 'एस्तेबानिको' या एका शब्दाच्या जागी केवढे मोठे, घरंदाज नाव!

या मुस्तफाचे वडील दस्तऐवज लिहिण्याचे काम करतात. लोकांचे करारमदार, वाटण्या, निकाहाचे कागद त्यांच्या हातून लिहिले जातात. मुलानेही तेच करावे अशी त्यांची इच्छा. मुस्तफाला मात्र बाजाराची ओढ. तो व्यापारी होतो, पैसा कमावतो. आणि एका क्षणी, नफा दिसला म्हणून, तो माणसांचाही सौदा करतो. मग दिवस फिरतात. अझमूर 1513 पासून पोर्तुगीजांच्या ताब्यात गेलेले असते. त्यात दुष्काळ पडतो. आई आणि भावंडे उपाशी मरू नयेत म्हणून मुस्तफा स्वतःलाच विकतो. काल ज्याने माणसे विकली, तो आज स्वतः विकला जातो.

कादंबरीतली ही गोष्ट मला फार मोलाची वाटली. लालामी यांना सोपे होते की आपला नायक निष्पाप दाखवावा, आणि सगळे पाप स्पॅनिश लोकांच्या माथी मारावे. त्यांनी तसे केले नाही. मुस्तफा आपल्या गुन्ह्याचीही साक्ष देतो. न्यायासाठी ठाम उभे राहा, साक्ष द्या, मग ती स्वतःच्या विरुद्ध का असेना, अशी शिकवण सूरह निसामध्ये (आयत 135) आहे. ती आपण जलशांत ऐकतो. कादंबरीत ती एका माणसाच्या छातीवर दगड ठेवल्यासारखी येते.

सेव्हिलमध्ये त्याचा बाप्तिस्मा होतो, नाव बदलले जाते. मग मालकाबरोबर तो अमेरिकेच्या किनाऱ्यावर उतरतो. तिथे हळूहळू गंमत होते. जंगलात, वाळवंटात, उपाशीपोटी, मालक आणि गुलाम हा भेद टिकत नाही. तिथे उपयोगी पडते ती भाषा. मुस्तफा वाटेतल्या लोकांच्या बोली शिकतो, त्यांच्याशी बोलणी करतो, वाट विचारतो. ही कल्पना नव्हे. लोकांशी बोलण्याचे काम एस्तेबानिकोकडेच असे, हे काबेसा दे वाकाच्या वृत्तांतातही आहे. म्हणजे ज्याच्या जिभेने चौघांचे प्राण वाचले, त्याच्याच तोंडून हकीकत ऐकावी असे कोणाला वाटले नाही!

इतिहास सांगतो की परतल्यावरही त्याला स्वातंत्र्य मिळाले नाही. 1539 साली त्याला वाटाड्या म्हणून एका पाद्र्याबरोबर उत्तरेकडे पाठवले गेले आणि तिथे तो मारला गेल्याची खबर आली. कादंबरीतला मुस्तफा या खबरीचे काय करतो, ते इथे सांगत नाही. ते वाचण्यातच मजा आहे.

अटीवर मिळालेले नागरिकत्व

लालामी यांची 2019 ची 'दी अदर अमेरिकन्स' ही कादंबरी आजच्या अमेरिकेत घडते. कॅलिफोर्नियाच्या मोहावी वाळवंटातल्या एका छोट्या गावात द्रिस नावाचा मोरोक्कन हॉटेलमालक रात्री रस्ता ओलांडताना गाडीखाली सापडून मरतो. गाडी थांबत नाही. अपघात की खून? हा प्रश्न त्याची मुलगी नोरा सोडत नाही. कारण 11 सप्टेंबर 2001 च्या हल्ल्यानंतर याच माणसाचे दुकान कोणीतरी जाळले होते.

ही गोष्ट नऊ जण आपापल्या तोंडाने सांगतात. मुलगी, तिची आई, पोलीस खात्यातली बाई, इराकच्या लढाईवरून परतलेला सैनिक आणि इतर. त्यांत एफ्राइन नावाचा एक मेक्सिकन मजूर आहे. अपघात त्याने डोळ्यांनी पाहिलेला आहे. पण त्याच्याकडे अमेरिकेत राहण्याचे कागद नाहीत. साक्ष द्यायला पोलिसांकडे गेलो तर आपल्यालाच देशाबाहेर काढतील, ही भीती. बायको म्हणते जा, मन म्हणते जा, पाय उचलत नाहीत. इथे पुन्हा तोच धागा आला : साक्ष आहे, पण साक्षीदाराला उभे राहायला जमीन नाही. ही कादंबरी त्या वर्षी अमेरिकेच्या नॅशनल बुक अवॉर्डच्या अंतिम यादीत होती.

'कंडिशनल सिटिझन्स' हे 2020 चे पुस्तक कादंबरी नाही. त्यात लालामी स्वतःच्या अनुभवातून विचारतात की, कागदावर समान असलेले काही नागरिक व्यवहारात 'अटीवरचे' नागरिक का ठरतात? त्यांनी सांगितलेला एक प्रसंग आहे. परदेशातून परतताना तपासणीच्या जागी अधिकाऱ्याने त्यांच्याकडे पाहिले आणि त्यांच्या नवऱ्याला विचारले की हिच्या बदल्यात किती उंट द्यावे लागले? समोर उभी असलेली बाई भाषाशास्त्राची डॉक्टर आहे, लेखिका आहे, त्याच देशाची नागरिक आहे. तो विनोद करत होता. असले विनोद सोसावे कोणी लागतात, हे ज्याने सोसले त्यालाच कळते.

2025 साली त्यांची 'द ड्रीम हॉटेल' आली. तिचे बीज एका साध्या अनुभवात आहे. 2014 मध्ये एका सकाळी त्यांच्या फोनवर आपोआप सूचना आली की, आत्ता निघालात तर योगाच्या वर्गाला वेळेवर पोहोचाल. त्यांनी फोनला वर्गाविषयी काहीच सांगितलेले नव्हते. फोनने सवयीवरून ओळखले. लालामी यांच्या मनात आले, आता यांना कळायचे राहिले काय? फक्त आपली स्वप्ने. कादंबरीतल्या सारा हुसैनला विमानतळावर थांबवून सांगतात की, तिच्या स्वप्नांवरून ती पुढे गुन्हा करण्याची शक्यता दिसते. एकवीस दिवस निगराणीखाली राहावे लागेल. घरी जुळी लेकरे. एकवीस दिवसांचे महिने होतात. गुन्हा केलेलाच नाही, मग निर्दोष असल्याची साक्ष द्यायची कशाची?

आपण काय घ्यावे?

लालामी यांच्या सगळ्याच मतांशी आपण सहमत व्हावे असे नाही. त्यांच्या कादंबऱ्यांतले काही प्रसंग मोठ्यांसाठी आहेत, लहान मुलांच्या हाती देण्यापूर्वी आईवडिलांनी स्वतः वाचावेत. पण एक गोष्ट त्यांच्याकडून जरूर घ्यावी. पवित्र कुरआनमधली सर्वात लांब आयत, सूरह बकराची 282 वी, कशाविषयी आहे? लिहून ठेवण्याविषयी. देणेघेणे छोटे असो की मोठे, लिहा. साक्षीदार ठेवा. लिहिणाऱ्याला आणि साक्षीदाराला त्रास होऊ देऊ नका. त्याच्या पुढच्याच आयतीत साक्ष लपवू नका अशी ताकीद आहे. आपण ही आयत पैशाच्या व्यवहारापुरती लक्षात ठेवतो. पिढ्यांचेही एकमेकांशी देणेघेणे असते. ते आपण लिहितो का?

मी उर्दू आणि मराठी शिकवते. एकदा नववीच्या वर्गात मराठीचा निबंध दिला : घरातल्या सर्वात वडीलधाऱ्या माणसाची आठवण. एक मुलगी कोरी वही घेऊन बसली होती. विचारले तर म्हणाली, "टीचर, दादीचं मराठीत कसं लिहायचं? ती तर मराठी बोलतच नाही." मी म्हटले, "ती बोलेल, तू तर्जुमा कर."

दुसऱ्या आठवड्यात तिने चार पाने आणली. 1972 च्या दुष्काळात तिची दादी नवी नवरी होती. सासूबरोबर खडी फोडायला जात असे. मुकादमाला तिचे नाव नीट ऐकू आले नाही की लिहिता आले नाही, त्याने मस्टरवर भलतेच नाव लिहिले. पगार बुडेल या भीतीने ती काही बोलली नाही. काम संपेपर्यंत त्या भलत्याच नावाला "हजर" म्हणत राहिली. घरात ही गोष्ट कोणालाच माहीत नव्हती. का, तर कोणी विचारलीच नव्हती.

निबंधाच्या शेवटी त्या मुलीने दादीचे खरे नाव लिहिले होते. पूर्ण. बापाच्या आणि गावाच्या नावासह.

मी तेव्हा 'द मूर्स अकाउंट' वाचलेली नव्हती. नंतर वाचली, आणि मुस्तफाचे ते लांबलचक नाव पहिल्यांदा समोर आले तेव्हा मला त्या वहीचे शेवटचे पान आठवले. अझमूरच्या माणसाला आपले नाव परत मिळायला पाचशे वर्षे लागली, कारण त्याच्या तोंडची हकीकत वेळेवर लिहून घेणारे कोणी नव्हते. आपल्या घरातली म्हातारी माणसे अजून अंगणात बसली आहेत, बोलती आहेत. मगरीबच्या नमाजनंतर मोबाईल बाजूला ठेवून त्यांच्याजवळ बसावे, विचारावे आणि लिहून ठेवावे. मराठीत, उर्दूत, दखनीत, ज्या भाषेत हात चालेल त्या भाषेत.